दिवाळी पहाटेचं आमंत्रण आणि ‘ट्यून’ केलेला गळा

ताई, मी तेवीस वर्षांची आहे, सांगलीजवळ राहते. मध्यमा पूर्णपर्यंत गाण्याच्या परीक्षा दिल्या, मग नोकरी लागली आणि आता आठवड्यातून एखाद्या दिवशीच बाईंकडे जाणं होतं. एका मित्राच्या घरी छोटा स्टुडिओ आहे. तिथे मी भावगीतं, अभंग रेकॉर्ड करते, तो ‘ट्यून’ करून देतो आणि आम्ही व्हिडिओ टाकतो. लोकांना फार आवडतात. ते बघून एका मंडळाने मला दिवाळी पहाटेला सात गाणी म्हणायला बोलावलं आणि मी हो म्हणून बसले. परवा मित्राकडून माझी मूळ फाइल मागून ऐकली. मी इतकी कणसूर गाते? रात्रभर झोप लागली नाही. मित्र म्हणतो, मायनस वन ट्रॅकमध्ये (म्हणजे गायकाशिवायच्या नुसत्या साथीच्या रेकॉर्डिंगमध्ये) तुझा आवाज मागे ठेवून देऊ, नाहीतर मिक्सरलाच लाइव्ह ट्यूनिंग लावू, हल्ली सगळे तेच करतात. बाईंनी व्हिडिओ ऐकून ‘तयारी वाढलीय हं’ म्हटलं, तेव्हा मेल्याहून मेल्यासारखं झालं. मी लोकांना फसवतेय का? कार्यक्रम नाकारू का? बाईंना सांगू का?
– एक वाचक

अगं, कार्यक्रम नाकारू नकोस. ट्रॅकच्या आड लपूनही गाऊ नकोस. मंडळाला फोन करून सातऐवजी पाच गाणी ठरव, आणि ती पाच उघड्या गळ्याने म्हण. तुझं पत्र श्रावणात आलं आहे, म्हणजे हाताशी अडीचएक महिने आहेत. तेवढ्यात गळा नवा होत नाही, पण कान बराच ताळ्यावर येतो, आणि तुझं दुखणं गळ्यापेक्षा कानाचं जास्त आहे.

आधी त्या फाइलबद्दल. एवढे दिवस तू स्वतःला ऐकलंस ते नेहमी ट्यून होऊन, एको चढवून, मागे बासरी आणि गिटार घालून. तोच तुझ्या डोक्यात ‘माझा आवाज’ म्हणून बसला. आणि परवा अचानक कोरडा आवाज ऐकलास, साथ नाही, एको नाही, थेट हेडफोनमध्ये. असा कोरडा आवाज कुणाचाच गोड लागत नाही. स्टुडिओच्या काचेपलीकडे बसून मी नाव असलेल्या गायक-गायिकांचे कोरडे ट्रॅक ऐकले आहेत. मध्येच मोठ्याने घेतलेला श्वास, ओळ संपताना जरासा खाली आलेला सूर, घोगरा झालेला एखादा ‘अ’, सगळं त्यात असतं. तेव्हा तुझी निम्मी भीती ही नुसत्या कोरडेपणाची आहे, ती सोडून दे. उरलेल्या निम्म्याकडे मात्र नीट बघू.

मित्र जे यंत्र वापरतो त्याचा मूळपुरुष म्हणजे ऑटो-ट्यून. ते १९९७ साली बाजारात आलं. बनवणारा अँडी हिल्डेब्रँड हा आधी तेलाच्या धंद्यातला माणूस. जमिनीला हादरा द्यायचा, खालच्या थरांवर आपटून परत येणाऱ्या लहरी तपासायच्या आणि तेल कुठे असेल त्याचा अंदाज बांधायचा, हे त्याचं गणित. त्याच जातीचं गणित त्याने गळ्यातून निघणाऱ्या लहरींना लावलं. यंत्र तुझ्या आवाजाची कंपनं मोजतं, सर्वात जवळचा स्वर कोणता ते ठरवतं आणि आवाज ओढून तिथे नेतं. किती झपाट्याने ओढायचं त्याची एक कळ असते. ती संथ ठेवली तर ऐकणाऱ्याला पत्ताही लागत नाही. पार टोकाला नेली तर आवाज यंत्रमानवासारखा तुटक होतो. १९९८ साली शेर या गायिकेने तो परिणाम मुद्दाम वापरला आणि जगभर त्याची फॅशन आली. मला त्याची अजिबात चीड नाही. तिथे यंत्र समोर दिसतं, ऐकणाऱ्यालाही ते माहीत असतं.

तुझ्या बाबतीत अडचण आहे ती ‘सर्वात जवळचा स्वर’ या भागाची. जवळचा म्हणजे कोणत्या सप्तकातला? मित्राने मुद्दाम काही बदललं नसेल तर यंत्र सप्तकाचे बारा सारखे भाग धरतं, पियानोचे आणि हार्मोनियमचे असतात तसे. आता तंबोऱ्यापाशी बस. तंबोरा नीट लागला की खर्जाच्या तारेतून न छेडलेला गंधार ऐकू येतो, बाईंनी तुला तो ऐकवला असेलच. या स्वयंभू गंधाराचं षड्जाशी नातं पाचास चार असं आहे. बारा सारख्या भागांतला गंधार त्याच्याहून थोडा चढा असतो. किती? अर्ध्या स्वराचे शंभर भाग कल्पिले तर जवळपास चौदा भाग. ऐकायला किरकोळ वाटतं, पण तंबोऱ्यासमोर दोन्ही गंधार एकापाठोपाठ लावून बघ, दुसरा बोचतो.

म्हणजे लक्षात येतंय का? बाईंनी वर्षानुवर्षं तंबोऱ्यावर घोटून घेतलेला गंधार तू एखाद्या अभंगात बरोबर लावला असशील, तर यंत्राने तो ‘उतरलेला’ समजून वर ओढला असणार. तू बरोबर होतीस, आणि दुरुस्ती करून तुला चुकवलं.

मींडेचं तर विचारूच नकोस. पंचमावरून गंधारावर घसरत येताना मधली सगळी जागा आपली असते, तिथे कुठलाही एक स्वर नसतो. यंत्राला हे सहन होत नाही. ते मध्ये पायऱ्या पाडतं. भैरव रागातला ऋषभ, दरबारी रागातला गंधार हे स्वर डोलतेच हवेत, आणि यंत्राच्या लेखी डोलणं म्हणजे अस्थिरपणा. जाणता माणूस हातात असेल तर तो अशा जागा वगळून काम करतो, एकेक स्वर वेगळा उचलता येतो अशी साधनंही आहेत. पण रात्री जेवण झाल्यावर दोन तासांत व्हिडिओ टाकायचा असेल, तर वगळत कोण बसतं? एकच बटण पूर्ण गाण्यावर फिरवलं जातं. भावगीतांचे हल्लीचे इतके व्हिडिओ एकाच साच्यातून काढल्यासारखे का वाटतात, याचं माझ्या मते हे मोठं कारण आहे. गळे वेगळे असतात, लकबी वेगळ्या असतात, पण स्वरांमधली मोकळी जागा सगळ्यांची सारखीच पुसलेली असते.

आता फसवणुकीचा प्रश्न. यावर सोवळं नेसून बोलणाऱ्यांचं फारसं ऐकू नकोस. ध्वनिमुद्रण जन्मल्यापासून गाणं बदलतंच आलं आहे. १९०२ साली कलकत्त्याला गौहर जान पहिल्या काही तबकड्यांसाठी गायल्या तेव्हा तास-तासभराचा पसारा तीन मिनिटांत बसवावा लागला. पुढे मायक्रोफोन आला. त्याआधी नाटकातल्या नटाला शेवटच्या रांगेपर्यंत आवाज फेकावा लागे, आता कुजबुजलेलंही ऐकू जाऊ लागलं. तू गातेस ते भावगीत तरी कुठून आलं? ग. ना. जोशी, जे. एल. रानडे यांच्या काळात तबकडी, रेडिओ आणि मायक्रोफोन यांनीच ते घराघरांत पोचवलं. हार्मोनियमचे ठरीव स्वर आपल्या गाण्याला मारक आहेत म्हणून ऑल इंडिया रेडिओने १९४० साली तिच्यावर बंदी घातली होती, ती १९७१ मध्ये सैल झाली. आज पेटीशिवाय नाट्यगीताची कल्पना करून बघ! त्यामुळे यंत्र आलं की कला बुडाली, असला गळा काढणं मला जमत नाही.

तरीही एक फरक आहे आणि तो मी सोडणार नाही. १९७७ साली व्हॉयेजर यानांसोबत अंतराळात जी तबकडी गेली तिच्यावर केसरबाई केरकरांची साडेतीन मिनिटांची भैरवी आहे. मूळ रेकॉर्डिंग त्या जुन्या तबकड्यांच्या जमान्यातलं. तेव्हा मध्ये थांबून एक ओळ सुधारायची सोय नव्हती, बिघडलं तर पहिल्यापासून. मुंबईत ताडदेवच्या फिल्म सेंटरला किंवा महालक्ष्मीच्या फेमसमध्ये सिनेमाची गाणी व्हायची तीही बराच काळ अशीच. पूर्ण वाद्यवृंद आणि गायक एकाच वेळी, एका व्हायोलिनवाल्याचा हात चुकला की सगळ्यांनी पुन्हा सुरुवात करायची. हे मी त्या काळाच्या थोरवीसाठी सांगत नाही, वाईट गाणी तेव्हाही भरपूर झाली. सांगायचं हे की त्या सगळ्या यंत्रांनी गाणाऱ्याचा आवाज लांब पोचवला, छोटा केला, मोठा केला, पण सूर चुकला तर तो गाणाऱ्याला स्वतःला ऐकू यायचा. पुन्हा गावंही त्यालाच लागायचं. तुझ्या आणि तुझ्या चुकीच्या मध्ये आता तिसरा माणूस आला आहे. तू गातेस, चूक त्याला ऐकू येते, सुधारतो तो, आणि तुझ्याकडे परत येतं ते चूक नसलेलं गाणं. शिकण्याची जागा होती तीच नेमकी कापली गेली. माझ्या मते ऐकणाऱ्यांची फसवणूक इथे दुय्यम आहे, नुकसान तुझं झालंय.

तेव्हा असं कर. मित्राला सांग, तीन गाण्यांच्या मूळ फाइली, ट्यून केलेल्या फाइली आणि तो आलेख, तिन्ही दे. या यंत्रात गायलेला प्रत्येक स्वर पडद्यावर नागमोडी रेघेसारखा दिसतो. तीच रेघ तुला हवी आहे, दुरुस्ती नको. घरी तंबोरा लावून बस. मिरजेचा असेल तर उत्तमच, नाहीतर मोबाइलमधला चालेल, पण साधा ब्लूटूथ स्पीकर लाव, कानात घालू नकोस. मूळ फाइलची एक ओळ ऐक. आलेख बघण्याआधी वहीत लिही, कुठे उतरले, कुठे चढले, कुठे लागले. मग पडदा बघ. हा क्रम उलटा करशील तर पुन्हा डोळ्यांनी गाणं सुरू होईल, आणि मग काही उपयोग नाही.

शुद्ध गंधारावर आणि निषादावर पडद्यावरच्या मीटरचं ऐकू नकोस. तिथे काटा थोडा खाली दाखवेल. तंबोऱ्यात स्वर विरघळत असेल तर काट्याला राहू दे तिथेच.

हे करताना तुला कळेल की चुका सगळीकडे सारख्या पसरलेल्या नसतात. बहुतेकांच्या दोन-तीनच ठिकाणी असतात. श्वास संपत आला की ओळीचं शेपूट उतरतं. वरच्या षड्जाकडे जाताना ताकद लावली की तो चढतो. आणि एक कारण गळ्याचं नसतंच मुळी: हेडफोन. दोन्ही कान बंद करून मोठ्या ट्रॅकवर गायलं की स्वतःचा आवाज हाडांतून घुमून ऐकू येतो आणि सूर हलतो. म्हणून जुने स्टुडिओवाले गायक एका कानावरून हेडफोन सरकवून ठेवतात. पुढच्या वेळी करून बघ, कदाचित निम्मी ‘कणसुरी’ तिथेच जाईल.

आणखी एक गोष्ट तू पत्रात लिहिलेली नाहीस, पण मला खात्री आहे. तू ओळ-ओळ करून रेकॉर्ड करत असणार. मुखडा चांगला लागला की तोच पुन्हा पुढे चिकटवायचा, बरोबर? मग पूर्ण गाणं एका दमात म्हणण्याची सवयच राहत नाही. पहाटेच्या कार्यक्रमात तुझा घात सुराने होणार नाही, दमाने होईल. म्हणून आजपासून रोज पाचही गाणी एकापाठोपाठ म्हण, मध्ये थांबायचं नाही, शब्द विसरलीस तरी थांबायचं नाही. मांडी घालून, समोर कुणी बसलेलं असेल तर फारच छान. आईला बसव. आया फार कडक श्रोत्या असतात.

आता मित्राच्या दोन युक्त्या. ट्रॅकमध्ये आवाज मागे ठेवला की तबलेवाला, पेटीवाला यांना तू ट्रॅकच्या लयीत बांधून टाकतेस. एखाद्या जागेवर वाह मिळाली, ती पुन्हा घ्यावीशी वाटली, तर ट्रॅक थांबणार आहे का? पहाटेच्या मैफलीची सगळी मजा त्या पुन्हा घेण्यात असते. लाइव्ह ट्यूनिंगची तर मला भीतीच वाटते. तुझ्या माइकमध्ये शेजारची पेटी आणि तबला थोडाफार शिरणारच, त्यात यंत्र गोंधळतं. शिवाय प्रत्येक गाण्याची पट्टी आणि स्वर आधी भरून ठेवावे लागतात. शुद्ध आणि कोमल असे दोन्ही निषाद असलेलं गाणं आलं, किंवा साउंडवाला मागच्या गाण्याचंच सेटिंग बदलायला विसरला, तर तू बरोबर गात असताना स्पीकरमधून भलताच स्वर बाहेर पडेल आणि तुला तो दुरुस्तही करता येणार नाही.

त्याऐवजी साध्या गोष्टी सांभाळ. पहाटे गळा जड असतो. व्हिडिओसाठी काळी पाचमध्ये गात असशील तर तिथे काळी चार, म्हणजे जरा खालची पट्टी घे. कुणी विचारणार नाही, आणि वरचा पंचम हसत लागेल. साडेपाचला कार्यक्रम असेल तर तीनला उठ, खर्ज लाव, कोमट पाणी पी, घरच्यांशी बोल, म्हणजे आवाज जागा होतो. दिवाळीचा फराळ आदल्या रात्री नको. सर्वात उंच गाणं पहिलं घेऊ नकोस, तिसरं घे. आदल्या संध्याकाळी साउंडवाल्याला गाठून दोनच गोष्टी माग: मॉनिटरमध्ये, म्हणजे गाणाऱ्याकडे तोंड केलेल्या स्टेजवरच्या स्पीकरमध्ये, तानपुरा आणि तुझा आवाज स्वच्छ हवा, एको द्यायचा तर बाहेरच्या स्पीकरला दे, मॉनिटरला नको. एको मॉनिटरमध्ये आला की आपण फार छान गातोय असा भास होतो आणि सूर ढळतो. पेटीवाल्याबरोबर निदान दोन तालमी कर. त्याने तुझ्या मागून यावं, पुढे धावू नये, हे आधीच गोड बोलून ठरव.

लोक निराश होतील का? काही होतील, व्हिडिओतल्या गुळगुळीत आवाजाची सवय झालेले. हेही खरंच आहे की ऐकणाऱ्यांचा कान बदलतो आहे. माणसाच्या आवाजातली साधी थरथरसुद्धा काहींना आता दोष वाटते. (ओळी टाइप केल्या की गळ्यासकट गाणं बनवून देणारी यंत्रं आली आहेत, त्यावरची पत्रंही माझ्याकडे साठली आहेत. ती पुन्हा कधीतरी.) पण पहाटे अंगावर शाल घेऊन मैदानात येऊन बसलेला माणूस आणि बसमध्ये अंगठ्याने व्हिडिओ सरकवणारा माणूस, जरी एकच असला तरी, वेगवेगळ्या कानांनी ऐकतो. समोरचा गळा खराखुरा ओळ पेलतोय हे त्याला दिसतं.

बाईंना सांग. व्हॉट्सॲपवर नको, जाऊन सांग. कबुलीजबाब वगैरे म्हणून नको. मूळ फाइल घेऊन जा आणि म्हण, ‘बाई, कार्यक्रम आहे, हे मी ट्यून न करता गायलेलं आहे, कुठे जातंय ते सांगा.’ एवढंच पुरे. माझा अंदाज विचारशील तर त्यांना कळलेलं आहे. ज्या बाईंनी तुला वर्षानुवर्षं समोर बसवून शिकवलं त्यांना तुझा गंधार एकाएकी पेटीसारखा झालेला ऐकू येणार नाही? ‘तयारी वाढलीय हं’ मधला तो ‘हं’ मला जरा खोचकच वाटला. तू आपण होऊन सांगायची त्या वाट बघत असतील. आणि दिवाळीपर्यंत आठवड्यातून दोनदा ये म्हणाल्या, तर ऑफिसात काय सांगायचं ते तू बघ, पण जा.

मित्राशी भांडू नकोस. त्याने तू मागितलं तेच दिलं आणि प्रेमाने दिलं. फक्त पुढच्या गाण्यापासून नियम बदल. पूर्ण गाणं एका दमात, असे तीन टेक. त्यातला एक निवडायचा, आणि ज्या जागी फारच खुपतं तिथे आधी तू पुन्हा गाऊन बघायचं. तरी नाहीच जमलं, तर त्या एका स्वराला हाताने सुधारू दे, माझी हरकत नाही. पूर्ण गाण्यावर बटण मात्र फिरवायचं नाही. जे व्हिडिओ आधी टाकलेत ते राहू देत. काढून टाकण्याचं किंवा खाली खुलासा लिहिण्याचं नाटक करू नकोस.

शेवटचं म्हणजे, तू मानधनाबद्दल अवाक्षरही लिहिलेलं नाहीस. फुकट गाणार आहेस का? तबला आणि पेटी यांचे पैसे मंडळ देणार की तू, हे आत्ताच विचारून घे. पाच गाणी ठरवायला फोन करशील तेव्हाच विचार, आणि जे ठरेल ते मेसेजवर लिहून माग.